खेळाचा आवाज वेगळा, बोलण्याचा वेगळा

२००० सालच्या एप्रिलात मालवणजवळच्या कोळंबला एका लग्नात मी पंगतीत वाढायला होतो. मंगलाष्टकं सुरू होणार, एवढ्यात भटजींच्या हातातला माइक असा किंचाळला की मांडवातल्या बायांनी कानांवर हात दाबले. ॲम्प्लिफायरपाशी पस्तिशीची एक बाई बसली होती. तिचा नवरा गुरुदास तांडेल काविळीने गेला, त्याला दोनच महिने झाले होते. लग्नाची सुपारी त्यानेच घेतलेली. ऐन हंगामात दुसरा माइकवाला मिळेना, म्हणून सर्जेकोटहून ती स्वतः सामान घेऊन आली होती.

"ह्यां बायलमाणसाचा काम न्हय," मागून कोणीतरी म्हणालं. नवरा जाऊन दोन महिने झालेली बाई लग्नाच्या मांडवात हवी कशाला, असंही कोणी कुजबुजलं.

ती ॲम्प्लिफायरपासून उठली. शिडी लावून वर चढली, खांबाला बांधलेला भोंगा सोडला आणि पाठमोरा करून पुन्हा बांधला. खाली येऊन भटजींना म्हणाली, "आता बोला."

शिट्टी गेली होती. भोंग्यातला आवाज माइकात, माइकातला परत भोंग्यात, असा तो गोल गोल फिरत होता. तिने त्याची वाट मोडली. हे मला तिनेच पुढे कधीतरी समजावलं.

ही चंद्रावतीकाकी. तिला शिकवायला कोणी नव्हतं. बारा वर्षं नवऱ्याच्या वायरी गुंडाळल्या होत्या, तेवढंच शिक्षण. पण कान तयार होता. माइक तपासताना ती कधी 'हॅलो हॅलो' म्हणाली नाही. तिची आई मालवणच्या बाजारात मासे विकायची, म्हणूनही असेल, ती म्हणायची, "पेडवे, बांगडे, सुरमय." मी एकदा कारण विचारलं तर म्हणाली, "पेडव्याचो 'प' माइकार फुटता काय तो बगूचो. बांगड्यात खर्ज कळता. आणि सुरमयचो 'स' शिटी मारता काय तो ऐकूचो. हॅलोत काय कळता?"

साडीवर नवऱ्याचा जुना शर्ट चढवून ती जत्रेला जायची, बारशाला जायची, पंचायतीच्या निवडणुकीत रिक्षाला भोंगा बांधून द्यायची. पुढे कुडाळ-कणकवलीहून मोठमोठ्या खोक्यांचे डीजेवाले येऊ लागले आणि लग्नं तिच्या हातातून गेली. भजनं, भाषणं आणि शाळांची स्नेहसंमेलनं तेवढी राहिली. तिने त्यातही कमीपणा मानला नाही. "तेंच्या आवाजान छाती हलता," ती म्हणायची, "पण शब्द कळणत नाय."

तिची मुलगी दिव्या. बाप गेला तेव्हा तेरा वर्षांची होती. शिकली, हुशार निघाली, आणि २००७ साली मालवणात भरडावरच्या माझ्या कॉम्प्युटर क्लासमध्ये शिकवायला लागली. त्याच वर्षी दिवाळीनंतर क्लासला ब्रॉडबँड आलं. रविवारी क्लास बंद असे. दिव्याने विचारलं, दुपारी मशीन वापरू का? मी किल्लीच देऊन टाकली.

ती तिथे खेळायची. दोन टोळ्यांनी एकमेकांना शोधून टिपायचं आणि मधला किल्ला राखायचा, असा तो खेळ होता. दिव्याच्या बाजूने आणखी दोघं असत. बांद्याला मोबाइल दुरुस्तीचं दुकान चालवणारा रविराज, आणि तळेऱ्याची तन्वी, जी एका औषधाच्या दुकानात काम करायची. तिघं एकमेकांना कधी भेटली नव्हती. डोक्याला हेडफोन, तोंडाशी माइक, आणि मालवण, बांदा नि तळेरे एका खोलीत बसल्यासारखे बोलायचे. "डावीकडसून येता! अरे बग!" "माका नाय दिसणा!" मी कधी काही विसरलेलं न्यायला गेलो, की बाहेरूनच ऐकू यायचं. लोडशेडिंग नसेल तेवढा वेळ त्यांचं राज्य.

२००८ च्या डिसेंबरात पुण्याच्या काही कॉलेजातल्या मुलांनी या खेळाची स्पर्धा जाहीर केली. पहिल्या फेरीला तीन सामन्यांचं रेकॉर्डिंग पाठवायचं होतं. अट एकच होती, पण कडक होती. रेकॉर्डिंगमध्ये फक्त खेळाचा आवाज हवा, खेळाडूंचं बोलणं अजिबात नको, कारण वरून त्यांचा माणूस समालोचन करणार होता. दिव्याने रेकॉर्ड करायचा प्रोग्रॅम बसवला, त्यात 'माइक बंद' असं निवडलं आणि झालं, असं समजली.

मी २६ जानेवारीला क्लासचं स्नेहसंमेलन ठेवलं होतं. पालक, दोन मुख्याध्यापक, शंभरेक माणसं. आवाजाचं काम अर्थातच चंद्रावतीकाकीकडे. कॉम्प्युटरवर काय काय होतं ते लोकांना दाखवूया, म्हणून मीच दिव्याच्या मागे लागलो की तुझ्या खेळाचं रेकॉर्डिंग पडद्यावर लाव. तिने सुरुवातीची दोन मिनिटं तपासली होती. ती ठीक होती. त्या दोन मिनिटांत तिघंही गप्प होती, हे आमच्या ध्यानातच आलं नाही. पुढचं मी ऐकून घ्यायला हवं होतं. घेतलं नाही.

पडद्यावर भिंतीआडून एक शिपाई पळत होता. लोक कौतुकाने बघत होते. तेवढ्यात काकीच्या दोन्ही खोक्यांतून रविराजचा आवाज आला, आणि त्याने शत्रूला अशी काही मालवणी शिवी हासडली की मागच्या बाकांवर हशा उसळला. एक मुख्याध्यापक खाली बघू लागले. मी कॉम्प्युटरकडे धावलो, पण खुर्च्यांच्या रांगांतून वाट मिळेना. खेळात जरा उसंत पडली असावी. तन्वीचा आवाज आला.

"गो दिव्या, काल खंय होतंस?"

"आयेवांगडा. आचऱ्याक भजन होता. सामान उचलूक दुसरा कोण नाय."

"ती अजून शिडीर चढता?"

"चढता तर! बापाशीचो शर्ट घालून. लोक खाली उभे रवान बगतत. माका लय लाज वाटता गो. कधी एकदा ह्यो भोंगो बंद होतलो, असा झालाहा."

हसणारे काकीकडे बघू लागले. दिव्या पडद्याशेजारी उभी होती, ती तशीच उभी राहिली. चंद्रावतीकाकीचा हात आवाज कमी-जास्त करायच्या मिक्सरवर होता. तिने आवाज तोडला नाही. गाणं संपताना करतात तसा हळूहळू खाली आणला, कारण एकदम तोडला की खोक्यांत ठोका बसतो. मग माइक उचलून पाहुण्यांच्या हातात दिला आणि म्हणाली, "बोला, चालू आसा."

कार्यक्रम पार पडला. दिव्या कधी निघून गेली कळलं नाही. काकी सभागृहात एकटी वायरी गुंडाळत होती. मी जवळ गेलो. माफी मागायची म्हणून खाली बसलो, वायरीचं एक टोक धरलं. तीच म्हणाली, "आवाज साफ होतो ना, सर? एक शब्द चुकलो नाय."

पुढचे आठ-दहा दिवस दिव्या क्लासला यायची, शिकवायची आणि मान खाली घालून जायची. घरी दोघी बोलतात का, असं मी विचारलं, तर म्हणाली, "जेवणापुरतं." स्पर्धेतून नाव काढून घेणार, असंही म्हणाली. रविवारची किल्ली तिने माझ्या टेबलावर ठेवली.

मग एका बुधवारी, दुपारच्या बॅचनंतर, चंद्रावतीकाकी क्लासच्या दारात उभी. शर्ट तोच, हातात पिशवी.

"सर, माका एक सांगा. त्या खेळात तेंचा बोलणां खयसून घुसला?"

"काकी, सोडा आता ता."

"सोडूचा कसा? माझ्या खोक्यांतसून इलो तो आवाज. थंय नको होतो आणि इलो. मगे खराबी खंय आसा ती बगूक नको?"

मी तिला बसवलं आणि फळ्यावर चित्र काढलं. कॉम्प्युटरच्या पोटात आवाजाचं एक कार्ड असतं. खेळाचे आवाज, गोळ्या, पावलं, स्फोट, त्या कार्डातून बाहेर येतात. बांद्याहून-तळेऱ्याहून इंटरनेटवर आलेलं बोलणंही त्याच कार्डातून हेडफोनला जातं. रेकॉर्ड करणारा प्रोग्रॅम त्या कार्डापाशी बसलेला असतो. जे जाईल ते सगळं उचलतो. दिव्याने फक्त त्याचं माइककडचं दार लावलं होतं. दुसरं दार उघडंच होतं.

"आता ते शब्द शोधून शोधून कापायचे म्हटलं, तर खेळाचा आवाजही कापला जातो," मी म्हणालो. "दिव्याने एकदा करून बघितलं. जमलं नाही."

काकी फळ्याकडे बघत राहिली. मग हसली. त्या दिवसांत तिला पहिल्यांदाच हसताना बघितलं.

"कापूचा कित्याक? सोलकढयेत आमटी ओतलास, आणि आता म्हणतास आमटी तेवढी बाजूक काढा. सर, दोन टोप होये."

दोन टोप म्हणजे दोन कार्डं. खेळ एका कार्डातून जाऊ द्यायचा, बोलणं दुसऱ्यातून, आणि रेकॉर्डरला पहिल्यापाशीच बसवायचं. मी कॉम्प्युटर शिकवणारा माणूस. मला हे सुचलं नव्हतं. मी बोलण्याचा प्रोग्रॅम उघडून बघितला. आवाज कुठल्या कार्डातून काढायचा ते निवडायची सोय त्यात होती. इतके दिवस आम्ही तिकडे बघितलंच नव्हतं, कारण निवडायला दुसरं कार्डच नव्हतं.

काकी जायला उठली आणि दारात थांबली. "पण सर, बांद्याचो नि तळेऱ्याचो आवाज वायरीतसून इलो, कळला. दिव्याचो कसो इलो? ती तर हंयच बसली होती. तिच्या माइकाचा दार लावलेला होता ना?"

मी परत कॉम्प्युटरपुढे बसलो. संध्याकाळभर शोधलं तेव्हा सापडलं. स्वतःचं बोलणं स्वतःच्या हेडफोनमध्ये ऐकू यावं म्हणून दिव्याने आवाजाच्या खिडकीत एक खूण चालू ठेवली होती. त्यामुळे तिचा आवाज माइकातून कार्डात आणि कार्डातून बाहेर, असा वळसा घालून रेकॉर्डरच्या हाती लागत होता. त्या खोलीत एवढी माणसं त्या दोन वाक्यांनी सुन्न झालेली, आणि ही बाई घरी जाऊन तो आवाज कुठल्या वाटेने आला याचा विचार करत होती. की त्यानेच तिला बरं वाटत होतं, कोण जाणे.

कोल्हापूरच्या एका ओळखीच्या दुकानदाराने अंगठ्याएवढं, यूएसबीला लागणारं साउंड कार्ड एसटीच्या कंडक्टरकडून पाठवलं. रविवारी मी दिव्याला फोन करून बोलावलं; का ते सांगितलं नाही. ती आली तेव्हा तिची आई टेबलाखाली होती आणि टेबलावर तिचा जुना चार खटक्यांचा मिक्सर होता.

"आये, तू हंय काय करतंस?"

"वायर ओढतंय. तो टॉर्च धर."

"माका नाय खेळूचा आता."

"कित्याक?"

"तुका ठावक आसा."

मी बाहेर जायला निघालो, तर काकी म्हणाली, "रवा, सर. सगळ्या मालवणान ऐकला, तुमका काय लपवतंय?" ती टेबलाखालून सरकत बाहेर आली आणि जमिनीवरच बसली. "लाज वाटता म्हणालंस, तां ऐकलंय मी. माका पण वाटायची. पयली दोन वर्सा शिडीर चढताना पाय कापत. पडतलंय म्हणान न्हय. खालसून लोक बगतत म्हणान. म्हणान तर तुझ्या बापाशीचो शर्ट घालूक लागलंय."

दिव्या तिच्यासमोर जमिनीवर बसली. मग म्हणाली, "तू कधी सांगलंस नाय."

"तू तेरा वर्सांची होतंस. तुका काय सांगतलंय? पण आता मोठी झालंस. लाज वाटली तर माका येवन सांग. रागावतलंय मी, पण ऐकतलंय. तळेऱ्याक सांगान काय उपयोग?"

दिव्याने टॉर्च घेतला. ती आईकडेच बघत होती, त्यामुळे उजेड टेबलाखाली भलतीकडेच पडत होता.

"सरळ धर गो," काकी म्हणाली.

आवाज वेगळे झाले, पण लगेच दुसरी अडचण आली. खेळ एका कार्डात, बोलणं दुसऱ्यात. मग दिव्याने हेडफोन कुठे लावायचा? दोन्ही ऐकू आल्याशिवाय खेळता येईना. काकीचा मिक्सर त्यासाठीच होता. दोन्ही कार्डांतून एकेक वायर तिने मिक्सरला आणली आणि हेडफोन मिक्सरला लावला. कानात दोन्ही आवाज, पण ते एकत्र येणार ते मिक्सरमध्ये, कॉम्प्युटरच्या बाहेर. रेकॉर्डर बसलेला आत, पहिल्या कार्डापाशी. दिव्याचा माइकही नव्या कार्डाला लावला आणि ती वळशाची खूण मी बंद केली.

हेडफोन लावला तर आत घुंई घुंई चालू. माझ्या मते नवं कार्डच खराब होतं. काकीने मिक्सरचा प्लग समोरच्या भिंतीवरून काढून कॉम्प्युटरच्याच बोर्डात घातला. घुंई गेली. "दोघांनी एकाच घरातला पाणी पिवक होया," एवढंच म्हणाली.

मग तपासणी. दिव्याने रविराज आणि तन्वीला बोलावलं. दोघं आधी कानकोंडी झाली होती. त्या दिवसाची बातमी त्यांच्यापर्यंत पोचली होती. दिव्याने सांगितलं, आई म्हणते तसं करा. खेळ सुरू झाला, रेकॉर्डिंग सुरू झालं, आणि काकीने माइक ओढून फर्मावलं, "मोठ्यान म्हणा, पेडवे, बांगडे, सुरमय!"

बांद्याहून रविराज ओरडला. तळेऱ्याहून तन्वी ओरडली. दिव्याही ओरडली. पाच मिनिटं गोळीबाराच्या मध्ये मासळीबाजार भरला होता. मग रेकॉर्डिंग लावलं. काकी डोळे मिटून बसली. वाळूवरची पावलं ऐकू आली. बंदुकीत गोळी भरल्याचा खटका. लांब कुठेतरी स्फोट. दार करकरलं. पाचही मिनिटं आम्ही श्वास धरून ऐकलं. एक पेडवा नाही, एक बांगडा नाही.

"गेलो तो आवाज," काकी म्हणाली.

दिव्याने किल्ली परत घेतली. पुढच्या तीन रविवारी तिघांनी तीन सामने रेकॉर्ड केले. काकी तिन्ही वेळा आली. तिला खेळातलं काही कळत नसे. एका हेडफोनने नुसता पहिल्या कार्डाचा आवाज ऐकत कोपऱ्यात बसायची, बोलणं झिरपतंय का म्हणून. एकदा मध्येच तिने हात वर केला. तपासलं तर रविराजचा आवाज खरंच बारीक येत होता. मीच मशीन बंद-चालू करताना बोलणं पुन्हा पहिल्या कार्डावर गेलं होतं. तो सामना परत खेळावा लागला. तिघं कुरकुरली, पण खेळली.

स्पर्धेत ती शेवटच्या आठांत पोचली आणि तिथे नागपूरच्या टोळीकडून सरळ हरली. दिव्याला वाईट वाटलं, रविराजला जास्तच. पण चार दिवसांनी पुण्याहून पत्र आलं. आलेल्या रेकॉर्डिंगांपैकी बऱ्याचशांत खेळाडूंचं बोलणं मिसळलेलं होतं. तुमचं इतकं स्वच्छ कसं, ते लिहून पाठवाल का? दिव्याने दोन पानं मराठीत लिहिली. वायरींचं चित्र काकीने काढलं. कार्डांच्या जागी तिने खरोखर दोन टोप काढले होते. दिव्याने ते बदलले नाहीत. ती पानं स्पर्धेच्या वेबसाइटवर लागली आणि पुढे सांगली, लातूर, कुठून कुठून मुलांचे मेल येऊ लागले. खाली नाव होतं, 'चंद्रावती गुरुदास तांडेल व दिव्या तांडेल, सर्जेकोट'. मी त्याची छापील प्रत क्लासच्या फळ्याशेजारी लावली.

मे महिन्यात रविराज बांद्याहून मोटरसायकलने सर्जेकोटला आला. सोबत काजूगर आणले होते. शिवी त्याची होती आणि ती शंभर माणसांनी ऐकली होती, याची त्याला अजून शरम होती. काकीने त्याला बांगड्याचं तिखलं आणि भात वाढला. तो मान खाली घालून जेवत राहिला. हेडफोनवर तासन् तास बोलणारा पोरगा घास घेण्यापलीकडे तोंड उघडेना. शेवटी काकी म्हणाली, "बोल रे काय तरी. हंय काय रेकॉर्ड होणा नाय." तेव्हा कुठे तो हसला, आणि मग जो बोलायला लागला तो संध्याकाळ होईपर्यंत थांबला नाही.

त्या पावसाळ्यात काकीने माझ्याकडे क्लास लावला. वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी, दहावीच्या मुलांच्या बॅचमध्ये. टायपिंगला कंटाळायची, पण आवाजाच्या प्रोग्रॅमपुढे बसली की उठवावं लागे. गणपतीत आचऱ्याच्या भजनी मंडळाचं रेकॉर्डिंग तिने कॉम्प्युटरवर केलं. बुवांचा गळा एका वाटेने, पखवाज दुसऱ्या, झांजा तिसऱ्या. पुढच्या वर्षभरात अशी सात मंडळं झाली. सामान न्यायला आता रिक्षा येते आणि कॉम्प्युटरची पिशवी दिव्याच्या खांद्याला असते. लाज अजून वाटते का, असं मी तिला विचारलं नाही. परवा आईशी भांडताना मात्र ऐकलं, आणि भांडण पखवाज बुवांपासून किती हात लांब बसवायचा यावरून होतं. दिव्या म्हणत होती चार, काकी म्हणत होती सहा. बुवा बिचारे मध्ये सतरंजीवर बसून वाट बघत होते.